तोफूवाल्याचा उसना आवाज

आमच्या ह्यांचं नाव मोहेई. धंदा तोफूचा. मात्सुए गावात रंगाऱ्यांच्या गल्लीत तोफूवाल्यांची दोन घरं होती, त्यातलं एक आमचं. ह्यांना गावात सगळे ओळखायचे, पण चेहऱ्यानं नव्हे. रस्त्यात समोर आले तर निम्मे लोक पुढे निघून जात. ओळख होती ती हाकेनं.

मी लग्नाआधी पुलाजवळच्या मिनातोया खानावळीत कामाला होते. तिथं मुक्कामाला पाहुणे असत, आणि पहाटे सगळ्यांच्या आधी उठून चूल पेटवायचं काम माझ्याकडे. थंडीत उठायचं अगदी जिवावर यायचं. अशा वेळी कालव्याच्या पलीकडून हाक यायची, "तोऽऽऽफू... गाऽनमो..." गानमो म्हणजे भाज्या घालून तळलेले तोफूचे वडे. दुसरा तोफूवाला ओरडायचा ते दारावर लाथ मारल्यासारखं. ह्यांची हाक खालून निघायची, लांबत जायची आणि शेवटी जराशी वर उचलली जायची. उठलात का, नसाल उठलात तर राहू दे, असं काहीसं त्यात होतं. मी वाडगा घेऊन दारात जायची, ते वडी काढून वाडग्यात घालायचे. दोन वर्षं हे चाललं. मग ह्यांचं स्थळ घेऊन मध्यस्थ बाई आली, आणि मी पुढचं काही न ऐकताच हो म्हणून बसले. खरं सांगायचं तर मी लग्न हाकेशी केलं, माणूस तिच्याबरोबर आला.

आणि माणूस घरी आल्यावर कळलं की सगळा आवाज बाहेरच संपतो.

"मीठ कमी झालंय का?"

"हं."

"उद्या सोयाबीन जास्त भिजवू?"

"हं."

"आणि मी उद्या मेले तर?"

ह्यांनी थोडा विचार केला. "हं?"

आठ वर्षं असा संसार झाला. भांडायचं म्हटलं तरी समोरून कुणी हवं ना. पण रोज पहाटे कावड खांद्यावर घेऊन हे गल्लीच्या तोंडाशी पोचायचे, हाक यायची, आणि माझा आदल्या दिवसाचा सगळा राग पाण्यात सोडलेल्या वडीसारखा थंड व्हायचा.

तोक्योला मोठा भूकंप झाला त्याच्या दुसऱ्या वर्षी आमच्या माडीवर एक भाडेकरू आला. कामेकिची. पडद्यावर त्याचं नाव रेन्सुई असं झोकात लिहीत, पण घरात तो कामेसानच. तोक्योतलं त्याचं थिएटर जळालं, म्हणून आमच्या गावच्या चिदोरी थिएटरचे मालक मोचिदा यांनी त्याला इकडे आणला होता. तेव्हा सिनेमा मुका. पडद्याशेजारी लांब शेपटांचा काळा कोट घालून एक माणूस बसायचा आणि पडद्यावरच्या सगळ्यांचं तोच बोलायचा. राणी, चोर, तान्हं मूल, कुत्रा, सगळं त्याच्याच गळ्यातून. आमच्याकडे त्याला बेन्शी म्हणत, आणि लोक सिनेमा बघायला कमी, बेन्शी ऐकायला जास्त जात.

कामेसान रडवायचा चांगला. पडद्यावरची म्हातारी आई मरायला लागली की बायकांच्या बाह्या ओल्या व्हायच्या. पण एकदा चिदोरीत डिटेक्टिव्ह चित्रपट लागला आणि त्याची फजिती झाली. पहिल्याच रिळात एक सभ्य गृहस्थ टोपी काढून म्हणाले, "नमस्कार." एवढंच. पण कामेसाननं ते असं खर्जात म्हटलं की मागून आमच्या शेजारची ओताकी, रंगाऱ्याची बायको, ओरडली, "हाच तो मेला! हाच खुनी!" आणि निघालाही तोच. लोकांनी बसायच्या उशा पडद्यावर फेकल्या.

मोचिदासान थिएटरच्या दारातच त्याला म्हणाले, "रेन्सुईगुरुजी, खुनी कोण ते पहिल्या रिळात कळणार असेल तर उरलेली दोन रिळं लोकांनी काय माझं तोंड बघायचं? पुढच्या महिन्यात असलंच एक चित्र येतंय. तेव्हाही ओळखलं, तर सामान बांधा."

कामेसान माझ्या स्वयंपाकघरात येऊन बसला. तोफू करताना गाळून उरलेला सोयाबीनचा चोथा मी कांद्याची पात घालून परतून त्याला द्यायची. भाड्यात ते धरलेलं नव्हतं, पण माणूस उपाशी दिसला की माझा हात थांबत नाही.

"काय करू वहिनी," तो म्हणाला, "खुनी पडद्यावर आला की माझा घसा आपोआप खाली उतरतो. मला खोटं बोलताच येत नाही."

"मग गोष्टी सांगायचा धंदा कशाला धरलात? देवळात झाडू मारायचा."

तो हसला, पण चोथा काही पुरता गिळला गेला नाही.

त्यानंतर तो पहाटे उठायला लागला. हे कावड घेऊन निघाले की हा माडीच्या खिडकीत येऊन बसायचा. मला वाटलं, सुधारला. मी ओताकीला कौतुकानं सांगितलंसुद्धा.

चित्र आलं त्याचं नाव होतं 'सातव्या खोलीतली बाई'. तीन छोटी रिळं, सगळी मिळून पाऊण तासाचं. कामेसाननं आम्हाला दोघांना बोलावलं होतं. हे यायला तयार नव्हते. मी म्हटलं, "अहो, आपल्या माडीवर राहतो तो माणूस, त्याची नोकरी पणाला लागलीय. झोप आली तर तिथं झोपा, पण चला." दुपारचा खेळ होता. आम्ही अगदी मध्यावर बसलो.

परदेशातलं एक हॉटेल. सातव्या खोलीत एक श्रीमंत विधवा राहते, तिच्या भोवती पुतण्या, डॉक्टर, मॅनेजर असे सगळे घुटमळतात. सगळ्यांचे डोळे वाईट. आणि रोज सकाळी एक म्हातारा पाववाला टोपली घेऊन येतो. त्यानं टोपली खाली ठेवली, तोंड उघडलं, आणि पडद्याशेजारून हाक आली.

"पाऽऽऽव... ताजा पाऽव..."

खालून निघालेली, लांबत गेलेली, शेवटी जराशी वर उचललेली.

क्षणभर थिएटरात कुणाला समजेना. मग कुणीतरी म्हणालं, "अरे, हा तर आपला मोहेईसान!" सगळं थिएटर वळून आमच्याकडे बघायला लागलं. हशा, टाळ्या. हे कानापर्यंत लाल झाले आणि हसले. ह्यांचे दात मी कित्येक दिवसांनी पाहिले. माझीही मान ताठ झाली, उगाच नाही म्हणणार.

पडद्यावर पाववाल्यानं त्या बाईला पाव दिला आणि तिच्या तोंडाकडे बघून विचारलं, "बाईसाहेब, रात्री झोप लागली का? डोळे सुजलेत आज तुमचे."

ह्यांच्याच आवाजात! आठ वर्षांत ह्यांनी मला असं कधी विचारलं नव्हतं. मी अंधारात ह्यांच्याकडे बघितलं. हे पडद्याकडे बघत होते. मला त्या परदेशी बाईचा मत्सर वाटला आणि कामेसानबद्दल इतकं प्रेम वाटलं की दुसऱ्या दिवशी त्याला गानमो तळून घालायचे असं मी तिथंच ठरवलं.

दुसऱ्या रिळात बाई मेली. तिसऱ्या रिळात डिटेक्टिव्ह आला. लोक ओरडत होते, पुतण्या! डॉक्टर! ओताकी मॅनेजरवर अडून बसली होती. डिटेक्टिव्हनं उरलेल्या पावाचा तुकडा उचलला, नाकाजवळ नेला, हुंगला, आणि बोट सरळ पाववाल्याकडे केलं. म्हाताऱ्यानं टोपली हळूच खाली ठेवली.

"हो," ह्यांचा आवाज म्हणाला, तितकाच मऊ. "मीच. रोज थोडं थोडं. पीठ मळताना."

सगळ्यांनी श्वास आत ओढला. कुणीही ओळखलं नव्हतं. मग टाळ्या सुरू झाल्या त्या थांबेनात. मोचिदासान दारात उभे राहून मान डोलवत होते. कामेसाननं घाम पुसत वाकून नमस्कार केला. मी ह्यांच्याकडे बघितलं. हे अजून हसत होते, पण ते हसू आधीचं, काढून ठेवायचं राहून गेलेलं.

दुसऱ्या दिवशी पहाटे ह्यांनी हाक मारली, आणि रंगाऱ्याच्या माडीवरून आवाज आला, "काय हो मोहेईसान, आज किती घातलंत?" गल्ली खदखदून हसली. हेही हसले. त्यात वाईट काय होतं? गंमतच होती. ओताकीनं वाडग्यातली वडी डिटेक्टिव्हसारखी हुंगून दाखवली. तिसऱ्या दिवशी सगळ्याच बायका हुंगायला लागल्या. पोरं मागे मागे "पाऽऽव" करत चालली. गंमत एकानं केली तर गंमत, चाळीस घरांनी केली की ती गंमत राहत नाही. मिनातोयाच्या आचाऱ्यानं तर मागच्या दारानं येऊन मलाच सांगितलं, "नुईसान, राग नको हं. पाहुणे हसतात, जेवताना थट्टा चालते. थोडे दिवस तोफू दुसऱ्याकडून घेतो."

चौथ्या पहाटे मी कान देऊन बसले. हाक आली नाही. मी म्हटलं वारा उलटा असेल. थोड्या वेळानं हे परत आले, कावडीतली एकही वडी न विकता.

"लोक झोपलेत का?"

"हं."

पाचव्या दिवशी मी मागून गेले. हे गल्लीच्या तोंडाशी उभे होते. तोंड उघडलं. मिटलं. परत उघडलं. मग तसेच पुढे चालत गेले, मुक्यानं, आणि दारं बंदच राहिली, कारण तोफूवाला आलाय हे कुणाला कळणार कसं? मी घरी येऊन विचारलं, तेव्हा ह्यांनी आयुष्यातलं सगळ्यात लांब वाक्य मला सांगितलं. "तोंड उघडलं की लोकांच्या आधी मलाच तो पाववाला आठवतो."

मी तशीच माडीवर गेले. कामेसान बुटांना पॉलिश करत होता.

"आवाज परत दे."

"वहिनी, मी घेतला कुठे? नुसती नक्कल—"

"माझ्या घरचा चोथा खाल्लास आणि माझ्याच घरच्या माणसाला खुनी केलंस! सबंध गावात तुला दुसऱ्या कुणाचा गळा सापडला नाही?"

त्यानं बूट खाली ठेवला. "नाही सापडला. खूप शोधला. भिक्षूचा बघितला, शाळामास्तरांचा बघितला. गावात हा एकच आवाज आहे वहिनी, ज्याचा कुणालाही संशय येत नाही."

"होता," मी म्हटलं.

तो बिचारा रडायला लागला. मी नाही रडले. मला त्या वेळी त्याचा कोट फाडावासा वाटत होता.

त्या दिवशी दुपारच्या खेळात त्यानं एक वेडेपणा केला. बेन्शीनं चित्रातली गोष्ट थोडीफार फिरवावी, एवढी मोकळीक असायची. पण ह्यानं शेवटच उलटा केला. डिटेक्टिव्हनं बोट दाखवलं, म्हाताऱ्यानं टोपली खाली ठेवली, आणि कामेसान म्हणाला की पाव स्वच्छ होता, विष पुतण्यानं चहात घातलं, आणि तो पुतण्या म्हणजे ह्या म्हाताऱ्याचा लहानपणी हरवलेला मुलगा, म्हणून त्याला वाचवायला बापानं गुन्हा अंगावर घेतला. थिएटर हुंदके देऊन रडलं म्हणे. मी नव्हते गेले.

त्याचा परिणाम काय झाला ते ऐका. बहुतेकांनी आधीचे खेळ पाहिलेले, बाकीच्यांनी त्या दुपारचा. संध्याकाळी सार्वजनिक न्हाणीघरात बायकांच्या बाजूला वाद पेटला. एक म्हणते, "मोहेईसाननंच मारलं, मी स्वतःच्या कानांनी ऐकलंय." दुसरी म्हणते, "काहीतरीच काय! त्यांनी मुलासाठी केलं ते." ओताकी म्हणाली, "मुलगा कुठून आला, त्यांना तर मूलच नाही." आणि पाण्यात गळ्यापर्यंत मी बसलेली! माझ्या नवऱ्यावर गरम पाण्यात खटला चालला होता, आणि मला वाफेत तोंड लपवायलाही जागा नव्हती. मी अंग न पुसताच कपडे घातले आणि निघाले.

मोचिदासाननी कामेसानला काढून टाकलं. खुनी लपवलास, आणि वर हरवूनही टाकलास, असं ते म्हणाले. जायच्या दिवशी तो ह्यांच्यासमोर जमिनीला कपाळ टेकून बसला. उठेचना. शेवटी ह्यांनीच त्याच्या खांद्याला हात लावला.

"तुझ्या तोंडून तो आवाज चांगला वाटला," हे म्हणाले. "आता माझ्या तोंडून तो मलाच तुझा वाटतो. तुझ्याकडेच राहू दे."

त्यात टोमणा नव्हता. ह्यांना टोमणा मारता येत असता तर मी सुखी झाले असते.

दुसऱ्या आठवड्यात हे एक पितळी पिपाणी घेऊन आले. पुष्कळ तोफूवाले पिपाणी वाजवतात, त्यात नवल नाही. मिनातोयाचं गिऱ्हाईक परत आलं, गल्ली परत यायला लागली. चिदोरीत नवी चित्रं लागली, वर्षभरात तो पाववाला कुणाच्या लक्षातही राहिला नाही. पुढे गल्लीत नव्या सुना आल्या, त्यांना वाटायचं मोहेईसान जन्मापासून पिपाणीच वाजवतात. धंदा पूर्वीसारखा झाला, कदाचित थोडा जास्तच. फक्त मला पहाटे जाग यायची आणि ते पितळ ऐकू यायचं.

मी प्रयत्न सोडले नाहीत. एकदा सणाच्या दिवशी ह्यांना शिंजी सरोवरावर घेऊन गेले. शिंपल्या काढणाऱ्यांच्या होड्या लांब होत्या, किनाऱ्यावर चिटपाखरू नव्हतं.

"अहो, इथं कुणी नाही. एकदाच हाक मारा. माझ्यासाठी."

हे उभे राहिले. घसा साफ केला. पाण्याकडे खूप वेळ बघितलं. "राहू दे," म्हणाले.

"मी त्या हाकेसाठी तुमच्या घरात आले!" मी ओरडलेच. "आठ वर्षं एका हाकेवर काढली मी. ती पण गेली. आता मी काय पिपाणीबरोबर संसार करू?"

येताना माझ्या हातातली शिदोरी मात्र त्यांनी घेतली आणि घरापर्यंत धरली. मी दोन दिवस अबोला धरला. ह्या माणसाशी अबोला धरण्याइतका मूर्खपणा दुसरा नाही, त्यांना तो कळलाच नाही.

चौदा वर्षं गेली. शरदात ह्यांना खोकला धरला आणि पंधरा दिवसांत सगळं आटोपलं. शेवटपर्यंत त्रास दिला नाही, आवाज केला नाही. मी रडले, पण मनात खोल कुठंतरी राग होता, की जाताना तरी एक हाक मारायची होती.

सातव्या दिवशी दारात एक पांढऱ्या केसांचा माणूस उभा. पाठीवर औषधाची पेटी. कामेसान. बोलपट आल्यावर बेन्शींचं गेलं सगळं, तो गावोगाव पोटदुखीची औषधं विकत हिंडत होता. कुणाकडून तरी ऐकून आला होता. त्यानं उदबत्ती लावली, फोटोपुढे बराच वेळ बसला. मी चहा दिला.

"वरची खोली रिकामी आहे का वहिनी? आजच्या दिवसापुरती."

"सोयाबीनची पोती आहेत."

"पोत्यांशेजारी झोपेन."

मी नाही म्हणायला तोंड उघडलं आणि का कोण जाणे, नाही म्हटलं नाही.

दुसऱ्या दिवशी पहाटे मी सवयीनं उठले आणि सवयीनंच तोफू केला. करून झाल्यावर लक्षात आलं की विकायला जाणार कोण? टब भरून वड्या पाण्यात पडल्या होत्या आणि मी त्यांच्याकडे बघत बसले होते. तेवढ्यात गल्लीच्या तोंडाकडून आली.

"तोऽऽऽफू... गाऽनमो..."

मी उठले, फळीवरचा वाडगा घेतला आणि दारात गेले. घरात टबभर तोफू, आणि मी वाडगा घेऊन दारात! ते माझ्या ध्यानात आलं ते समोर बघितल्यावर. गल्लीतली सगळी दारं उघडली होती. ओताकी केस मोकळे तशीच आली होती, हातात वाडगा. तिच्या पलीकडची, तिच्याही पलीकडची, सगळ्या जुन्या बायका वाडगे घेऊन उभ्या. नव्या सुना त्यांच्या मागून डोकावत होत्या. कुणी हसत नव्हतं. आत परत कुणी जात नव्हतं.

गल्लीच्या तोंडाशी कामेसान उभा होता, रिकामे हात लोंबत. त्यानं मला पाहिलं आणि मान खाली घातली, मी आता मारणार अशी. मारायलाच निघाले होते मी, खोटं कशाला बोलू? चौदा वर्षं ज्या हाकेसाठी मी तडफडले, ती हा माणूस सगळा वेळ घशात घेऊन हिंडत होता.

"तोफू कुठाय?" ओताकीनं हळूच विचारलं.

तो माझ्याकडे बघायला लागला. मग सगळी गल्लीच माझ्याकडे बघायला लागली.

मी आत गेले. वड्या कावडीत भरल्या आणि कावड खांद्यावर घेतली. एवढी जड असते हे मला माहीत नव्हतं.

"पुढे व्हा," मी कामेसानला म्हटलं. "पण सावकाश चाला. हे सावकाश चालायचे."

तो पुढे चालायला लागला. हाक मारत गेला, मी मागून. घरागणिक थांबून मी वडी काढून वाडग्यात घालत होते. मान मात्र वर करत नव्हते. मान खाली असली की पुढे चालणारे हेच वाटत होते.